बारीक आवाज

(आकाशवाणीवरून प्रसारित झालेल्या भाषणाचा संपादित भाग)



गेल्या मे महिन्यात माझी नात सांगलीहून सुट्टीला आमच्याकडे साताऱ्याला आली. येताना सामान म्हणजे कपड्यांची एक पिशवी आणि एक गिटार. एसटीत गिटारचं अर्धं तिकीट काढावं लागलं की काय, असं मी तिला चेष्टेनं विचारलंही. दुपारची जेवणं झाली. बाहेर अजिंक्यतारा उन्हानं नुसता भाजून निघत होता. मी आडवा होण्याच्या बेतात होतो, तेवढ्यात ती आली आणि "आजोबा, हे ऐका, छान झोप लागेल," असं म्हणून तिनं माझ्या कानांत ती हल्लीची बोंडं बसवली.

झोप काही लागली नाही.

आधी गिटार वाजली. मग एक पुरुष गायला लागला. गायला लागला असं आपलं म्हणायचं. शेजारच्या खोलीत तान्हं मूल निजलेलं असावं आणि ते उठू नये अशा बेतानं माणूस बोलतो ना, तसा त्याचा आवाज. भाषा कळत नव्हती. त्याच्यामागून एक बाई इंग्रजीत गायली. तिचा आवाज तर त्याहून साधा. तान नाही, कंप नाही, जोर नाही. दळण घेऊन निघालेली बाई पायरीवर थांबून शेजारणीशी दोन शब्द बोलते, तितका साधा. मग सॅक्सोफोन आला. सॅक्सोफोन मी आजवर लग्नाच्या वरातीत ऐकलेला. हा मात्र दमानं, श्वास सोडल्यासारखा वाजत होता.

मी उठून बसलो आणि नातीला विचारलं, "कोण गं ही?"

मग तिनं जे सांगितलं आणि नंतर मी स्वतः शोधून जे वाचलं, ते थोडक्यात सांगतो. तबकडीचं नाव 'गेट्झ-जिल्बेर्तो'. स्टॅन गेट्झ हा अमेरिकेतला जाझ सॅक्सोफोनवादक आणि जुआंव जिल्बेर्तो हा ब्राझीलचा गायक, गिटारवादक. पियानोवर अंतोनियो कार्लोस जोबिम. बहुतेक चालीही त्याच्याच. मार्च १९६३ मध्ये न्यूयॉर्कच्या एका स्टुडिओत दोन दिवसांत हे ध्वनिमुद्रण झालं आणि १९६४ साली तबकडी बाजारात आली. गाणी आठ, वेळ जेमतेम अर्ध्या तासापेक्षा थोडा जास्त. १९६५ साली तिला वर्षातल्या सर्वोत्कृष्ट अल्बमचं ग्रॅमी पारितोषिक मिळालं. जाझच्या तबकडीला हा मान तोवर मिळालेला नव्हता. साठ वर्षं उलटून गेली, तरी ती विकली जाते, ऐकली जाते, आणि सांगलीची एक मुलगी तिच्यावरून गिटारचे हात बसवते.

आणि ती बाई? ती आस्त्रुद, जुआंवची बायको. वय बावीस-तेवीस. व्यावसायिक गायिका नव्हती. नवऱ्याबरोबर स्टुडिओत गेली होती. एका गाण्याचे शब्द इंग्रजीत हवे होते, तिला इंग्रजी बऱ्यापैकी येत होतं, म्हणून तिला गायला लावलं. हे सुचवलं कोणी, याबद्दल पुढे ज्यानं त्यानं आपापल्या परीनं सांगितलं. मूळ आवरणावर गायिका म्हणून तिचं नावसुद्धा नव्हतं. दोन गाण्यांत ती गायली आणि त्यातलं 'द गर्ल फ्रॉम इपानेमा' जगभर गेलं. जुआंव २०१९ साली गेला, आस्त्रुद २०२३ साली. तिचा तो दुपारचा, अनवधानानं गायल्यासारखा आवाज मात्र तसाच आहे.

श्रोतेहो, तुम्ही म्हणाल, साताऱ्यात बसून या गृहस्थाला ब्राझीलचं काय एवढं पडलंय? खरं सांगायचं तर मला ब्राझीलचं फारसं काही पडलेलं नाही. त्या बाईचा आवाज ऐकून मला मिरजेची माझी आत्या आठवली. आत्या आठवली म्हणजे खाँसाहेब अब्दुल करीम खाँ यांची तबकडी आठवणारच, कारण आत्याचं सगळं गाणं त्या तबकडीतून आलेलं. तेव्हा आजचं बोलणं त्या तबकडीबद्दल आहे. ब्राझीलची मंडळी मध्ये एकदा पुन्हा येतील.

आमचं मूळ घर मिरजेला, ब्राह्मणपुरीत. आजोबा रेल्वेत कारकून. मिरज म्हणजे जंक्शन. गावातली निम्मी घरं रेल्वेवर आणि उरलेली दवाखान्यांवर चाललेली. आणि तिसरी गोष्ट वाद्यांची. शिकलगार म्हणजे हत्यारांना धार लावणारी माणसं. राजांची राज्यं गेली, तलवारींचं काम कमी झालं, तशी ही घराणी हळूहळू तंतुवाद्यांकडे वळली. फरीदसाहेब शिकलगारांचं नाव त्यात पहिलं घेतात. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावरची ही गोष्ट. पंढरपूर-मंगळवेढ्याकडचे भोपळे, तुणाचं लाकूड, आणि बापाकडून मुलाकडे आलेला कान. मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला २०२४ साली भौगोलिक मानांकन मिळालं, ते पेपरात तुम्ही वाचलं असेल. लहानपणी शाळेतून येताना त्या गल्लीतून यायचं म्हणजे दर दुकानात कोणीतरी तंबोऱ्याची जवारी काढत बसलेलं. घोडीच्या माथ्यावर कानस एवढीशी फिरवायची, तारेखाली दोरा सरकवायचा, तार छेडायची, ऐकायची, पुन्हा कानस. दिवस दिवस हेच. आम्हाला ते तेव्हा कंटाळवाणं वाटायचं.

खाँसाहेबांचा जन्म १८७२ सालचा, उत्तरेतल्या कैरान्याचा. ज्याला आपण किराणा घराणं म्हणतो ते या गावावरून. तरुणपणी बडोद्याच्या दरबारात गायले, तिथून ताराबाई माने यांच्यासह मुंबईकडे आले. हिराबाई बडोदेकर, सुरेशबाबू माने, सरस्वतीबाई राणे ही त्यांची मुलं. हिराबाईंचा जन्म तर १९०५ साली आमच्या मिरजेतलाच. पुढे ताराबाई मुलांना घेऊन वेगळ्या झाल्या आणि खाँसाहेब मिरजेला स्थिरावले. मिरजेत प्लेगनं आजारी पडले असताना मीरासाहेबांच्या दर्ग्यात त्यांनी गाऊन सेवा केली आणि बरे झाले, असं गावात सांगतात. दर्ग्यावरची त्यांची श्रद्धा शेवटपर्यंत होती, हे मात्र सगळ्यांना माहीत आहे. २७ ऑक्टोबर १९३७ रोजी मद्रासहून पाँडिचेरीला जात असताना त्यांना अस्वस्थ वाटू लागलं. सिंगपेरुमलकोईल नावाच्या लहानशा स्टेशनवर ते उतरले, फलाटावर अंथरूण घातलं, तंबोरा लावून घेतला, दरबारीत प्रार्थना म्हटली आणि तिथंच प्राण सोडला. मिरजेला आणून दर्ग्याच्या आवारात त्यांना दफन केलं. उरुसात त्यांच्या स्मरणार्थ तिथं संगीत सभा होते आणि देशातले मोठमोठे कलावंत येऊन हजेरी लावून जातात.

आमच्या आजोबांनी खाँसाहेबांना समोर बसून ऐकलं होतं. याचा त्यांना फार अभिमान. आणि त्यामुळेच घरात एक चमत्कारिक भांडण कायमचं होऊन बसलं होतं. वडिलांनी, म्हणजे अण्णांनी, पहिल्या पगारातून चावीचा एक जुना फोनो आणि खाँसाहेबांच्या दोन प्लेटा विकत आणल्या. आमच्याकडे तबकडी कोणी म्हणत नसे, प्लेटच म्हणत. एकीवर 'पिया बिन', म्हणजे झिंझोटीतली ठुमरी. दुसरीवर 'जमुना के तीर' ही भैरवी. आजोबा म्हणायचे, "ही सावली आहे. माणूस मी पाहिलाय. सावलीच्या पाया पडायचं नसतं." फोनो सुरू झाला की ते उठून अंगणात जायचे. अण्णांनी खाँसाहेबांना कधी पाहिलेलं नव्हतं. त्यांना ती सावलीच तेवढी मिळालेली, आणि ते तिच्यावर जीव टाकायचे.

मी कोणाच्या बाजूचा? आजोबांच्या. मला लहानपणापासून जाणकार व्हायची हौस. साताऱ्याला मास्तरकी लागल्यावर मी जिथं मैफल असेल तिथं जायचो. पुण्याला सवाई गंधर्व महोत्सवात तीन-तीन रात्री घोंगडीवर काढल्या. आणि लोकांना ऐकवायचो, की गाणं म्हणजे समोरासमोरचं, प्लेटमध्ये आहे ते गाण्याचं लोणचं. हे वाक्य माझं आवडतं होतं. आज ते आठवलं तरी कानकोंडं व्हायला होतं.

आता त्या प्लेटेकडे जरा नीट पाहू. दहा इंचांची, लाखेची, मिनिटाला अठ्ठ्याहत्तर फेरे. एका बाजूला सव्वातीन मिनिटांच्या आसपास गाणं मावायचं. जो माणूस मैफलीत एकेका स्वराला हळुवार कुरवाळत तास तास आलापी करायचा, त्याला सांगायचं, तीन मिनिटांत काय ते आटपा! तरीही खाँसाहेबांनी ते केलं आणि घाई केली नाही. मला यातलं कौतुक हेच वाटतं. 'पिया बिन' ऐका. पहिल्या ओळीला ते पुन्हा पुन्हा परत येतात, जसा काही वेळच वेळ आहे. दर वेळी जागा वेगळी. स्वर लागतो तो सुईच्या अग्रावर ठेवल्यासारखा, इकडे नाही, तिकडे नाही.

स्वराच्या या नेमकेपणाशी आमच्या सांगलीचा एक धागा आहे. कृष्णाजी बल्लाळ देवल नावाचे सांगलीचे निवृत्त डेप्युटी कलेक्टर. त्यांनी १९१० साली बावीस श्रुतींवर इंग्रजीत पुस्तक लिहिलं. कोणत्या रागात कोणता स्वर नेमका कुठं लागतो हे तारांची लांबी मोजून ठरवायचं त्यांच्या मनात होतं. त्यासाठी गळा लागतो, आणि तोही एकच स्वर शंभरदा मागितला तर शंभरदा त्याच जागी लावणारा. तो गळा खाँसाहेबांचा. क्लेमेंट्स नावाचे आयसीएस अधिकारी देवलांच्या बरोबरीला होते. त्यांनी श्रुतींची खास पेटीही तयार करवून घेतली. १९१६ साली बडोद्याच्या संगीत परिषदेत यावरून पंडित भातखंडे आणि इतर मंडळींशी चांगलाच वाद झाला आणि देवलांचा सिद्धांत काही मान्य झाला नाही. त्यात कोण बरोबर, कोण चूक, ते पंडितांनी पाहावं. मला एवढंच दिसतं, की गणित हरलं आणि गळा उरला.

खाँसाहेब स्वतः वाद्यांच्या कामात वाकबगार. तंबोरा बिघडला तर दुरुस्तीला दुसऱ्याकडे द्यायची त्यांना गरज पडत नसे. मिरजेच्या त्या गल्लीत असा माणूस रमला नसता तरच नवल. टिपू नावाच्या आपल्या कुत्र्यालाही त्यांनी स्वर लावायला शिकवलं होतं म्हणतात. एका कंपनीच्या प्लेटेवर कुत्रा कर्ण्यासमोर बसून ऐकताना दिसतो. आमच्या खाँसाहेबांचा कुत्रा त्याच्याही पुढं गेलेला!

तर मुद्दा प्लेटेच्या कीर्तीचा. खाँसाहेबांनी पहिल्यांदा ध्वनिमुद्रण केलं ते विसाव्या शतकाच्या अगदी सुरुवातीला, १९०५च्या सुमारास. त्या वेळी मायक्रोफोन नव्हता. मोठ्या कर्ण्यात तोंड घालून ओरडावं लागे. गळ्याच्या जोरावर पडदा हले, पडद्याला लावलेली सुई मेणावर खरडे. ज्याचा आवाज बुलंद तो टिकला, ज्याचा आवाज बारीक तो कर्ण्याच्या बाहेरच राहिला. १९२५ साली विजेचं ध्वनिमुद्रण आलं आणि हे चित्र बदललं. मायक्रोफोनला ओरडलेलं नको असतं. त्याच्या जवळ जाऊन हळू बोललेलं तो अचूक टिपतो, अगदी श्वाससुद्धा. खाँसाहेब १९३०च्या दशकात ओडियन कंपनीसाठी पुन्हा गायले ते या मायक्रोफोनसमोर. साठीच्या घरातले होते. जोगिया, बसंत, शुद्ध कल्याण, भैरवी, झिंझोटी, कर्नाटकातली खरहरप्रिया, आणि आपलं 'चंद्रिका ही जणू' हे 'मानापमान'मधलं पदसुद्धा. ('मानापमान'चे खाडिलकर सांगलीचे आणि खाँसाहेबांच्याच वयाचे, दोघांचाही जन्म नोव्हेंबर १८७२ मधला. हा योगायोग मी जिथं संधी मिळेल तिथं सांगतो.) आज आपण 'अब्दुल करीम खाँ' म्हणून डोळे मिटून ज्या आवाजाची आठवण काढतो तो या दुसऱ्या खेपेचा आवाज. कर्ण्यातला तरुण आवाज संग्राहकांच्या कपाटात राहिला. यात वयाचा आणि रियाजाचा वाटा आहेच, पण यंत्राचाही आहे. बारीक, टोकदार, थोडा अनुनासिक आणि विलक्षण गोड असा तो आवाज आपल्यापर्यंत यायला मायक्रोफोन यावा लागला.

ब्राझीलच्या त्या जुआंवचंही असंच. त्याच्या तरुणपणाची एक गोष्ट प्रसिद्ध आहे. धंदा बसला, मुंबईत काम न मिळालेला नट जसा गावी परततो तसा हा रिओ सोडून लांब बहिणीच्या घरी जाऊन राहिला आणि तिथल्या न्हाणीघरात तासन् तास गिटार घेऊन बसायला लागला. फरशीच्या भिंतींवरून येणारा प्रतिध्वनी ऐकत ऐकत त्यानं आवाज इतका खाली आणला, की गाणं आणि बोलणं यांतलं अंतरच मिटलं. सभागृहात मायक्रोफोनशिवाय तो तिसऱ्या रांगेलाही ऐकू गेला नसता. मायक्रोफोननं तो जगाच्या कानाशी नेऊन बसवला.

दोघांनाही नावं ठेवणारे होते. किराण्याच्या गाण्यात लय ढिली, नुसता स्वरांचा गोडवा, असं पट्टीचे लोक अजून म्हणतात. ब्राझीलच्या त्या संगीताला जाझमधले कडवे रसिक मऊ म्हणून नाकं मुरडायचे. 'इपानेमा' तर पुढे हॉटेलांतून आणि लिफ्टमधून इतकं वाजलं की लोकांना ते गाणं आहे याचाही विसर पडला. पण मला वाटतं, तबकडीची खरी परीक्षा तिथंच होते. पंडित भीमसेन जोशी सांगायचे, की त्यांना गाण्याचं वेड लागलं ते गदगमध्ये लहानपणी कानावर पडलेल्या 'पिया बिन'च्या प्लेटेनं. असं गाणं आपल्याला आलं पाहिजे, या ध्यासानं तो मुलगा घर सोडून निघाला आणि फिरून फिरून खाँसाहेबांचेच शिष्य सवाई गंधर्व यांच्याकडे कुंदगोळला पोचला. भीमसेनांनी खाँसाहेबांपुढे बसून तालीम घेतलेली नाही. आजोबांच्या भाषेत सांगायचं तर त्यांना सावलीच भेटली होती. त्या सावलीमागून निघालेला मुलगा भारतरत्न झाला. मी सवाईच्या मंडपात घोंगडीवर बसून ज्यांना ऐकत होतो आणि प्लेटेला लोणचं म्हणत होतो, त्या गाण्याचं मूळ एका प्लेटेत होतं. हे मला माहीत होतं. माहीत असून डोक्यात शिरत नाही, अशा गोष्टी असतात.

आता आत्याचं सांगतो.

आत्या अण्णांपेक्षा धाकटी. लग्नानंतर दोन वर्षांतच माहेरी परत आली आणि मग मिरजेच्याच घरात राहिली. तिला गाणं शिकवायचा प्रश्न कोणाच्या मनात आला नाही. हिराबाईंनी तिकीट लावून जाहीर कार्यक्रम केले त्याला तोवर वर्षं लोटली होती, पण आमच्या ओटीपर्यंत ते वारं पोचलेलं नव्हतं. दुपारी आजोबा कामावर गेले की आत्या फोनो लावायची. चावी द्यायची, सुई बदलायची, आणि समोर तांदळाचं ताट घेऊन निवडत बसायची. त्या दोन प्लेटा, चार बाजू. किती वर्षं ऐकल्या असतील! पुढे फोनोची स्प्रिंग तुटली. दुरुस्तीला पैसे कोण घालणार? फोनो माळ्यावर गेला. गाणं आत्याच्या गळ्यात राहिलं.

ती गायची ते चुलीपाशी, नाहीतर तिन्हीसांजेला कंदील पुसताना. आवाज इतका बारीक की ओटीवर बसलेल्याला कळू नये. प्लेटेत जसं, तसंच्या तसं. तीन मिनिटं झाली की थांबायची, कारण प्लेट तिथं संपते. आम्ही पोरं म्हणायचो, "आत्या, पुढचं म्हण की," तर म्हणायची, "पुढं नाही रे. एवढंच आहे."

१९७८ सालची दिवाळी. साताऱ्यातल्या एका मित्राकडे जपानी टेपरेकॉर्डर आला होता. मी तो मिरजेच्या जुन्या जाणत्या माणसांच्या आठवणी टिपायच्या म्हणून मागून घेतला आणि कराडमार्गे एसटीनं मांडीवर सांभाळत घरी आणला. पाडव्याच्या दिवशी ओटीवर मांडला. शेजारचे एक वृद्ध गृहस्थ उरुसातल्या जुन्या सभांच्या आठवणी सांगायला आले; खणखणीत आवाजात सगळं झालं. ते गेल्यावर आत्या पदराला हात पुसत बाहेर आली. यंत्राकडे जरा पाहिलं. मग मला म्हणाली, "यात मी एक म्हणू का रे?"

तिनं आयुष्यात कोणाकडे काही मागितल्याचं मला आठवत नाही. हे एकदाच.

मी म्हणालो, "आत्या, तुझा आवाज यात यायचा नाही. फार बारीक आहे."

मी हे वाईट हेतूनं म्हटलं नव्हतं. मला खरंच तसं वाटत होतं. आवाज मोठा असेल तरच यंत्रात येतो, असा माझा समज, कर्ण्याच्या काळातला. शिवाय कॅसेट एकच होती, तिची एक बाजू संपली होती, आणि दुसऱ्या दिवशी आणखी एक गृहस्थ येणार होते. आत्या "बरं" म्हणाली आणि आत गेली. रात्री फराळाचं ताट तिनंच मला वाढून आणलं. त्यावर पुढे कधी बोलणं झालं नाही. १९८४ साली ती गेली.

त्या कॅसेटवरच्या आठवणी पुढे बुरशीनं गेल्या. त्या आठवणींत तसं फारसं काही नव्हतंही.

मे महिन्यातल्या त्या दुपारी मी उठून बसलो, तो यामुळे. आस्त्रुद जिल्बेर्तोचा आवाज आत्यासारखा आहे असं मी म्हणणार नाही. भाषा वेगळी, चाल वेगळी, स्वभाव वेगळा. पण त्याची पट्टी घरातली आहे. आपल्याला कोणी ऐकायला बसलंय हे जिला ठाऊक नाही, अशा बाईची पट्टी. तो आवाज १९६३च्या टेपवर आला होता, श्वासासकट. म्हणजे १९७८च्या टेपवर आत्याचा सहज आला असता. उलट तसाच आवाज यंत्राला सगळ्यात नीट कळतो. हे तंत्र मी या भाषणात तुम्हाला मघाशी मोठ्या थाटात समजावून सांगितलं. पाडव्याच्या दिवशी मला ते माहीत नव्हतं. आणि माहीत नसताना मी ते माहीत असल्यासारखं बोललो.

न्यूयॉर्कच्या त्या स्टुडिओत कोणीतरी "म्हणू दे तिला" असं म्हणालं असणार. त्या माणसाचं नाव नक्की कोणतं, यावर तिथले लोक इतकी वर्षं भांडले, ते आता मला कळू शकतं.

नातीला मी हे सगळं सांगितलं. ती काही बोलली नाही. दुसऱ्या दिवशी म्हणाली, "आजोबा, ती प्लेट आहे का अजून?" प्लेट आहे. मिरजेचं घर विकलं तेव्हा माळ्यावरून काढून मी साताऱ्याला आणली होती, धोतराच्या जुन्या पानात गुंडाळून. भैरवीची प्लेट उतरवताना फुटली, 'पिया बिन'ची राहिली. जुन्या फोनोची आवड असलेल्या एका परिचितांकडे आम्ही दोघं ती घेऊन गेलो. त्यांनी ती मऊ फडक्यानं पुसली, नवी सुई बसवली, चावी दिली. नातीनं फोनवर ध्वनिमुद्रण सुरू केलं आणि मला हातानं गप्प बसायची खूण केली.

खरखर बरीच होती. त्यातून खाँसाहेब वर आले. यूट्यूबवर हीच ठुमरी साफसूफ केलेली मिळते, ती मी बऱ्याचदा ऐकली आहे. पण आमच्या प्लेटेवर मध्यावर एक चरा आहे. कधी पडला, कोणाच्या हातून पडला, कळायला मार्ग नाही. सुई तिथं आली की "टक्" करून अडखळते, एक क्षण काहीच ऐकू येत नाही, आणि मग ओळ पुढे जाते.

सुई तिथं पोचली, अडखळली, आणि मी नातीचा हात धरला. आत्या गाताना त्या जागी अशीच क्षणभर थांबायची. इतकी वर्षं मला वाटत होतं, की ती तिथं श्वास घेते.